घराणं न मागणारा गुरू

आधुनिक भारतीय नृत्याविषयी कुणी चार ओळी लिहिल्या, तरी त्यांत उदयशंकर यांचं नाव येतंच. सोबत बहुधा एक छायाचित्रही असतं : उघडं अंग, डोक्यावर मुकुट, अर्धे मिटलेले डोळे आणि खांद्यापासून बोटांच्या टोकापर्यंत लहरत गेलेले हात. त्या छायाचित्राने त्यांची कीर्ती टिकवली, पण त्यांच्या कामाचा मोठा भाग त्याच्याआड गेला. पॅरिस आणि न्यूयॉर्क गाजवणारा देखणा नर्तक, सतारवादक रविशंकर यांचे थोरले बंधू, एवढीच ओळख सर्वसाधारण वाचकाच्या मनात उरली. हे चरित्र हाती घेणाऱ्याला माझी विनंती आहे, की यातल्या शिक्षकाकडे जरा अधिक लक्ष द्यावं. माझ्या मते उदयशंकरांचं सर्वांत मोठं काम कुमाऊंच्या डोंगरात, अल्मोड्याच्या एका शाळेत झालं. ती शाळा पाच-सहा वर्षांत बंद पडली. तिथून बाहेर पडलेल्या माणसांनी मात्र पुढे कित्येक वर्षं नृत्य, नाटक आणि सिनेमा यांत काम केलं, आणि त्यातलं बरंचसं आपल्या मुंबई-पुण्यात झालं. त्यांपैकी कुणाचंही काम पाहून हे अमुक घराण्याचं, असं चटकन म्हणता येत नाही. इतके शिष्य, आणि एकाची छाप दुसऱ्यावर नाही! हे कसं घडलं असेल, या कुतूहलापोटी मी या माणसाच्या मागे लागलो, आणि अजून ते कुतूहल पुरतं फिटलेलं नाही.

8 डिसेंबर 1900 रोजी उदयपूरला त्यांचा जन्म झाला. गावावरूनच नाव पडलं. कुटुंब बंगाली. वडील श्यामशंकर संस्कृतचे जाणकार, कायदा शिकलेले आणि राजस्थानातल्या झालावाड संस्थानात मोठ्या हुद्द्यावर. वडिलांचा मुक्काम सतत बाहेर, त्यामुळे मुलाचं लहानपण बरंचसं आजोळी, गाझीपूरजवळच्या नसरतपूर गावात गेलं. तिथे मातादीन नावाचा एक नाचणारा होता, चांभार समाजातला. त्याचं नाचणं हा जमीनदाराच्या घरातला मुलगा भान हरपून बघत राही. जगभर नाव झाल्यावरही उदयशंकर आपल्या पहिल्या प्रेरणेविषयी बोलताना या मातादीनचं नाव घेत. मला हे फार महत्त्वाचं वाटतं. तो काळ असा होता, की सुशिक्षित भारतीय माणूस नृत्याची प्रतिष्ठा ग्रंथांत आणि देवळांत शोधत होता. नाचणाऱ्या खऱ्याखुऱ्या माणसांकडे बघायला मात्र त्याला संकोच वाटे. उदयशंकरांनी आपला आरंभ एका गावकुसाच्या नर्तकापासून मोजला आणि तो कधी लपवला नाही.

1918 साली ते मुंबईला आले. जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये चित्रकला आणि गांधर्व महाविद्यालयात संगीत, अशी दोन्हीकडे त्यांची शिकवणी सुरू झाली. नर्तक व्हायचं त्यांच्या डोक्यातही नव्हतं. चित्रकार व्हायचं होतं. 1920 मध्ये वडिलांनी लंडनला बोलावून घेतलं आणि ते रॉयल कॉलेज ऑफ आर्टमध्ये दाखल झाले. तिथले प्रमुख विल्यम रोथेनस्टाइन हे भारतीय कलेचे आस्थेवाईक अभ्यासक. आपल्या विद्यार्थ्याने युरोपीय चित्रांची नक्कल करण्यापेक्षा आपल्या देशाची शिल्पं आणि चित्रं नीट बघावीत, असा त्यांचा आग्रह. त्यामुळे उदयशंकरांची भारतीय शिल्पाशी खरी गाठ पडली ती लंडनमधल्या संग्रहालयात. शरीराचा तोल कुठे आहे, कंबर कुठे वळली, वजन कोणत्या पायावर आहे, हे त्यांनी चित्रकाराच्या डोळ्याने टिपलं. पुढे त्यांच्या नाचावर जी टीका झाली आणि त्यांच्या नाचाला जे यश मिळालं, त्या दोहोंचं मूळ इथे आहे. नृत्य ते आधी डोळ्यांनी शिकले. पायांची तालीम नंतर आली.

याच सुमारास अ‍ॅना पाव्हलोव्हा यांची भेट झाली. या रशियन बॅले नर्तिकेची कीर्ती तेव्हा शिखरावर होती. त्या नुकत्याच भारतात येऊन गेल्या होत्या, आणि अजिंठ्याच्या चित्रांवरून त्यांच्या मंडळीने एक बॅलेही बसवला होता. भारतीय विषयावरच्या नृत्यासाठी त्यांना भारतीय माणूस हवा होता. 1923 मध्ये लंडनच्या कोव्हेंट गार्डनमध्ये त्यांच्या कार्यक्रमात दोन रचना सादर झाल्या : एक हिंदू विवाहाची, दुसरी राधा-कृष्णाची. दोन्ही उदयशंकरांनी बसवलेल्या, आणि दुसरीत पाव्हलोव्हा राधा, तर बावीस वर्षांचा हा चित्रकलेचा विद्यार्थी कृष्ण. त्यानंतर तो त्यांच्या मंडळीबरोबर अमेरिकेच्या दौऱ्यावर गेला. बॅले शिकायची त्याची फार इच्छा होती. पाव्हलोव्हांनी ते शिकवायला नकार दिला आणि आपल्या देशाचं नृत्य शोधायला सांगितलं.

हा प्रसंग अनेक लेखक भारावून सांगतात. पण त्याची दुसरी बाजूही वाचकाने ध्यानात ठेवावी. युरोपीय रंगभूमीला त्या काळी पूर्वेची भुरळ पडली होती. धूप, साप, दागिने, नर्तकी असा एक ठरावीक मालमसाला लोकांना हवा असे. उदयशंकर त्या बाजारातूनच वर आले. लंडन-पॅरिसमध्ये हाती पैसा नसताना त्यांनी कॅबरेत नाच केले. त्या बाजाराला जे हवं होतं त्यातलं थोडं त्यांनी दिलं, हे नाकारण्यात अर्थ नाही. तरीही प्रश्न असा, की त्या साच्यात आयुष्य काढणं सोपं असताना ते तिथून बाहेर पडले कसे? माझ्या मते ते बाहेर पडले, कारण आपल्याला काय येत नाही हे त्यांना स्पष्ट ठाऊक होतं.

बाहेर पडण्यासाठी दोन बायकांची मोठी मदत झाली. सिमोन बार्बिये ही पियानो वाजवणारी फ्रेंच तरुणी त्यांची शिष्या झाली, मग रंगमंचावरची जोडीदार. तिचं सिम्की हे नाव पुढे भारतभर झालं. दुसरी अ‍ॅलिस बोनर, स्वित्झर्लंडची शिल्पकार. तिने त्यांचा नाच पाहिला आणि या माणसाला स्वतःची मंडळी हवी, हे ओळखून पैसा आणि वेळ दोन्ही खर्ची घातलं. 1930 मध्ये दोघांनी मिळून भारताचा दौरा केला. लेणी आणि देवळं पाहिली, ठिकठिकाणचे नाच पाहिले, वाद्यं जमवली. बोनरबाई पुढे वाराणसीत गंगेकाठी राहिल्या आणि वेरूळसारख्या लेण्यांतल्या शिल्पांच्या रचनेमागची भूमिती शोधण्यात त्यांनी कित्येक वर्षं घालवली. त्यावरचा त्यांचा ग्रंथ आपल्याकडे शिल्पाच्या अभ्यासकांना परिचित आहे. त्या अभ्यासाची सुरुवात एका नर्तकासोबतच्या प्रवासात झाली, हे कमी जणांना ठाऊक असतं.

मंडळी जमली ती बरीचशी घरचीच : आई, भाऊ, काका, चुलत बहीण. सर्वांत धाकटा रवी जेमतेम दहा वर्षांचा. बाहेरून आलेल्यांत सरोदवादक तिमिरबरन आणि विष्णुदास शिराळी. शिराळी हे विष्णू दिगंबर पलुस्करांचे शिष्य, मुंबईच्या गांधर्व महाविद्यालयात घडलेले. उदयशंकरांवर लिहिणारे त्यांचा उल्लेख एका ओळीत उरकतात, हा अन्याय आहे. नाचाला पाश्चात्त्य वाद्यवृंदाची जोड न घेता केवळ भारतीय वाद्यांचा मेळ उभा करायचा, आणि तोही असा की हजार-दोन हजार माणसांच्या नाट्यगृहात शेवटच्या रांगेला पोहोचावा, हे त्या काळी कुणी केलेलं नव्हतं. तबलातरंग, झांजा, घंटा, ढोल, बासऱ्या यांतून शिराळींनी तो आवाज घडवला. त्यांची पद्धतही वेगळी. आपल्याकडे नर्तक ठरलेल्या बंदिशीवर आणि तालावर नाचतो. इथे हालचाल आधी ठरे आणि तिच्या अंगाने संगीत रचलं जाई. पलुस्करांच्या तालमीत वाढलेल्या गवयाने हे स्वीकारावं आणि त्यात जन्म काढावा, यावर एक स्वतंत्र प्रकरण व्हायला हवं.

3 मार्च 1931 रोजी पॅरिसच्या शांझेलिझे नाट्यगृहात या मंडळीचा पहिला प्रयोग झाला. 1932 च्या अखेरीस सॉल ह्युरॉक या विख्यात व्यवस्थापकाने त्यांना अमेरिकेत नेलं. पुढची काही वर्षं दौऱ्यांचीच. त्या विजययात्रेचं तपशीलवार वर्णन चरित्रात आहे. इथे ते पुन्हा सांगत नाही. एकच गोष्ट नोंदवतो. यशाच्या भर काळात, तिशी ओलांडल्यावर, उदयशंकर केरळातले कथकळीचे आचार्य शंकरन नंबुद्री यांच्यापुढे शिष्य म्हणून बसले. अर्ध्या जगाने ज्याला भारतीय नृत्याचा प्रतिनिधी मानलं होतं, त्याने भारतीय नृत्य पायापासून शिकायला घेतलं. 'कार्तिकेय' ही त्यांची गाजलेली एकल रचना याच तालमीतून आली.

अल्मोड्याची कल्पना डार्टिंग्टन हॉलमध्ये आकाराला आली. इंग्लंडमधल्या डेव्हन परगण्यात लेनर्ड आणि डोरोथी एल्महर्स्ट या दांपत्याने शेती, शिक्षण आणि कला यांची सांगड घालणारी वसाहत उभी केली होती. लेनर्ड पूर्वी रवींद्रनाथांबरोबर श्रीनिकेतनात काम केलेले. कुर्ट योस यांची जर्मन नृत्यमंडळी हिटलरच्या राजवटीतून निसटून तिथेच आश्रयाला आली होती. रशियन नट मायकेल चेखव तिथे अभिनयाची शाळा चालवत होते. नर्तकाला अशी जागा मिळाली, जिथे तिकीटविक्रीची चिंता न करता तो रोज सकाळी काम करू शकेल, तर काय होतं, हे उदयशंकरांनी तिथे बघितलं. एल्महर्स्ट मंडळींनी पैसा दिला, संयुक्त प्रांताच्या सरकारने अल्मोड्याजवळ सिमतोल्याला जमीन देऊ केली, आणि 1938 मध्ये उदयशंकर इंडिया कल्चर सेंटर सुरू झालं.

त्या दशकात देशात नृत्याच्या शाळा भराभर उभ्या राहत होत्या. वळ्ळत्तोळांचं केरळ कलामंडलम 1930 चं, रुक्मिणीदेवींचं कलाक्षेत्र 1936 चं, आणि आपल्याकडे खंडाळ्याला मादाम मेनका यांचं नृत्यालयम नेमकं 1938 चंच. बाकीच्या बहुतेक ठिकाणी एक शैली धरून तिची शुद्धी आणि जपणूक चालली होती. अल्मोड्याला एकाच आवारात शंकरन नंबुद्री कथकळी शिकवत, बालासरस्वतींचे गुरू कंदप्पा पिळ्ळै भरतनाट्यम शिकवत, आमोबी सिंह मणिपुरी शिकवत, आणि संगीताला साक्षात उस्ताद अल्लाउद्दीन खाँ. विद्यार्थ्याने हे सगळं शिकायचं. त्यांतलं कुठलंही एक घेऊन रंगमंचावर उभं राहणं हा मात्र तिथल्या शिक्षणाचा हेतू नव्हता.

तिथला दिवस कसा सुरू होई, हे झोहरा सेहगल आणि इतरांच्या आठवणींतून कळतं. सकाळी सगळ्यांचा एकत्र वर्ग. आणि त्या वर्गात पहिल्यांदा काय, तर चालणं. नुसतं चालणं! ढोल वाजतोय, मुलंमुली गोलात चालताहेत. मान ताठ पण ताठर नको, खांदे सैल, पाऊल टेकताना आवाज नको, नजर पुढच्याच्या पाठीवर नको. मग लय दुप्पट, मग निम्मी, मग चालताना हात, मग मनगट, मग एकेक बोट. अनेक दिवस हेच चाले. घरून नृत्य शिकून आलेल्यांना ते कंटाळवाणं वाटलं असेल, आणि साहजिक आहे. तोडे-तुकडे शिकायला आलेल्याला चालायला शिकवलं तर तो वैतागणारच. पण चालणं ही अशी क्रिया आहे, की तिच्यात लपायला जागा नसते. मुद्रा किंवा गिरकी यांच्याआड शरीरातला अवघडलेपणा झाकता येतो. साध्या चालीत तो उघडा पडतो. शिक्षकाला विद्यार्थी कळायला आणि विद्यार्थ्याला आपलं शरीर कळायला याहून जवळचा रस्ता मला तरी ठाऊक नाही.

झोहरा स्वतः जर्मनीत, ड्रेस्डेनला मेरी विगमन यांच्या शाळेत शिकून आलेल्या. युरोपातल्या आधुनिक नृत्याची शिस्त त्यांच्या अंगी मुरलेली होती, आणि 1935 पासून त्या उदयशंकरांच्या मंडळीत होत्या. अल्मोड्यात त्या शिकवू लागल्या. त्यामुळे तिथल्या वर्गात कुठला व्यायाम कुठून आला याचा हिशेब लावणं कठीण आहे, आणि लावण्याची फारशी गरजही नाही.

दुसरा महत्त्वाचा वर्ग उत्स्फूर्त रचनेचा. उदयशंकर एखादा विषय देत, किंवा एखादी क्रिया, किंवा नुसतं मनाचं एक वळण. विद्यार्थ्याने तिथल्या तिथे उठून ते करून दाखवायचं, इतरांनी बघायचं, मग चर्चा. गावच्या बाजारात जाऊन माणसं बघून येणं हाही अभ्यासाचाच भाग होता. ओझं उचलणारा माणूस आधी श्वास घेतो की आधी गुडघे वाकवतो, हे ज्याने स्वतः पाहिलं आहे त्याला रंगमंचावर ओझं दाखवायला कुठल्या ग्रंथातली मुद्रा लागत नाही. मी वर ज्या कुतूहलाविषयी लिहिलं, त्याचं उत्तर मला बव्हंशी या वर्गात सापडतं. गुरूने स्वतःच्या रचना पाठ करून घेतल्या असत्या तर शिष्य त्या रचना घेऊन गावोगाव फिरले असते. त्यांनी रचना करण्याची सवय लावली. शिष्य ती सवय घेऊन बाहेर पडले आणि ज्याला त्याला जे सुचलं ते त्याने केलं.

अल्मोड्याच्या काळातल्या दोन निर्मिती डोळ्यांसमोर आणून बघण्यासारख्या आहेत. पहिली रामलीला, छायानाट्याच्या रूपात. उघड्या माळावर भलामोठा पांढरा पडदा, त्याच्या मागे दिवा, आणि दिवा नि पडदा यांच्यामध्ये नर्तक. प्रेक्षकाला फक्त सावल्या दिसणार. अशा वेळी नर्तकाचा चेहरा, डोळे, अभिनय सगळं बाद होतं. उरते ती शरीराची कड. पडद्याला चिकटून उभं राहिलं तर सावली माणसाएवढी आणि रेखीव. दिव्याकडे एक पाऊल सरकलं की ती अजस्र होते. सावलीला बाजू हवी, म्हणून नर्तकाने प्रेक्षकांकडे तोंड करायचंच नाही. नाक, हनुवटी, धनुष्य, पिसारा सगळं आडव्या रेषेत. कठपुतळी आणि चामड्याच्या बाहुल्यांची परंपरा आपल्याकडे जुनी आहे. कोकणात पिंगुळीला ती आजही बघायला मिळते. तीच युक्ती जिवंत माणसांच्या ताफ्यावर वापरायची, म्हणजे प्रत्येकाला आपण कुठे उभे आहोत याचं बोटभर अंतराचं भान हवं. आसपासच्या डोंगरांतून हजारो माणसं हे बघायला येत. नाट्यगृहाचं तोंड न पाहिलेल्या त्या प्रेक्षकाला कुणी काही समजावून सांगावं लागलं नाही.

दुसरी निर्मिती 1939 ची, श्रम आणि यंत्र या विषयावरची. खेड्यातली माणसं कारखान्यात येतात आणि हळूहळू यंत्राचेच भाग होऊन जातात. रंगमंचावर एकही खरं यंत्र नाही. एकाचा हात दांड्यासारखा वरखाली, दुसऱ्याचं धड चाकासारखं फिरणारं, तिसऱ्याची मान ठरावीक ठोक्याला झटका देणारी. सगळे एकमेकांत अडकलेले. मग काम बंद पडतं. 'तांडव' आणि 'इंद्र' करणाऱ्या कलावंताने त्या काळात गिरणीकामगार नृत्याच्या मध्यभागी आणावा, ही साधी गोष्ट नव्हे. भारतीय नृत्याला देव आणि नायिका यांच्यापलीकडे विषय असू शकतो, हे या रचनेने दाखवून दिलं. पुढे 'कल्पना' चित्रपटात त्यांनी यंत्रांचं हे नृत्य पुन्हा बांधलं, त्यामुळे ते आपल्याला बघता येतं.

1944 मध्ये केंद्र बंद पडलं. युद्धामुळे परदेशातला पैसा आटला होता, अंतर्गत धुसफूस होती, आणि खुद्द उदयशंकरांचं मन सिनेमाकडे वळलं होतं. चरित्रकार कारणांची नीट छाननी करतीलच. माझं मत थोडं कठोर आहे : संस्था चालवण्याचा स्वभाव त्यांचा नव्हता. रोजचा वर्ग घेणं त्यांना आवडे. हिशेब, नेमणुका, माणसांची मनं सांभाळणं यात त्यांचं लक्ष टिकत नसे. रुक्मिणीदेवींकडे ते बळ होतं, म्हणून कलाक्षेत्र टिकलं. अल्मोडा टिकलं असतं तर देशात आधुनिक नृत्याची एक पक्की पाठशाळा राहिली असती, आणि तिच्या अभावाची किंमत पुढच्या दोन-तीन पिढ्यांनी मोजली.

पण माणसं विखुरली ती कामाला लागली. शांती बर्धन मुंबईला अंधेरीत आले आणि इप्टा या नाट्यसंघटनेच्या मध्यवर्ती पथकासाठी त्यांनी नृत्यनाट्यं बसवली. त्यांतल्या 'इंडिया इम्मॉर्टल'ला संगीत रविशंकरांचं होतं. 1952 मध्ये त्यांनी लिट्ल बॅले ट्रूप काढला. क्षयाने ग्रासलेले असताना त्यांनी रामायण बसवलं, आणि त्यात माणसांना लाकडी बाहुल्यांसारखं नाचवलं : कोनात मोडलेले हात, ताठ माना, झटक्याने वळणारी धडं. उदयशंकरांचं सगळं नृत्य लहरींचं, वळणांचं. त्यांच्या लाडक्या शिष्याने सगळी वळणं काढून टाकून कोनांचं नृत्य उभं केलं. गुरूचा याहून मोठा विजय कोणता? बर्धन 1954 मध्ये गेले, तेव्हा चाळिशीही गाठलेली नव्हती. गुल बर्धन आणि सोबत्यांनी मंडळी जगवली. ती पुढे ग्वाल्हेरला आणि मग भोपाळला गेली.

सचिन शंकर यांनी मुंबईत स्वतःचं बॅले युनिट चालवलं. नरेंद्र शर्मा दिल्लीला गेले, शाळेतल्या मुलांना शिकवत राहिले आणि 'भूमिका' ही संस्था त्यांनी काढली. झोहरा पृथ्वी थिएटर्समध्ये आल्या. लक्ष्मी शास्त्री नृत्य शिकायला आल्या आणि आजारपणामुळे नाच सुटल्यावर लक्ष्मी शंकर या नावाने गायिका म्हणून जगभर गेल्या. आणि एक किशोरवयीन मुलगा अल्मोड्याहून निघाला तो 1944 मध्ये पुण्याला प्रभातच्या आवारात पोहोचला. गुरुदत्त त्याचं नाव. 'हम एक हैं' या प्रभातच्या चित्रपटाची नृत्यं त्याने बसवली. गुरुदत्तच्या चित्रपटांतली गाणी बघताना कॅमेरा आणि पात्र एकमेकांभोवती कसे फिरतात, एक पाऊल, एक वळण, एक थांबा कसा नेमक्या जागी पडतो, याचं कौतुक सगळेच करतात. त्या नजरेची पहिली तालीम कुठे झाली असेल याचा अंदाज अल्मोड्याच्या सकाळच्या वर्गाचं वर्णन वाचून येतो. त्याने दिग्दर्शित केलेल्या पहिल्या चित्रपटाला, 1951 च्या 'बाजी'ला, नृत्यरचना झोहरांची होती. त्याच वर्षीच्या 'आवारा'तल्या स्वप्नदृश्याच्या नृत्यांशी सिम्कींचं नाव जोडलेलं आहे. मुंबईच्या स्टुडिओंत त्या वर्षी अल्मोड्याची माणसं अशी ठिकठिकाणी भेटतात.

'कल्पना' हा उदयशंकरांचा एकमेव चित्रपट. मद्रासच्या जेमिनी स्टुडिओत तो कित्येक वर्षं घडत होता आणि 1948 मध्ये पडद्यावर आला. स्वतः उदयशंकर आणि त्यांच्या पत्नी अमला नायक-नायिका, संगीत शिराळींचं, गीतलेखन अल्मोड्याच्या मातीतले कवी सुमित्रानंदन पंत यांचं. मराठी वाचकासाठी आणखी एक धागा : आपल्या उषा किरण, तेव्हाच्या उषा मराठे, पहिल्यांदा पडद्यावर दिसल्या त्या याच चित्रपटात. गोष्ट एका नर्तकाची, जो डोंगरात कलाकेंद्र काढायचं स्वप्न बघतो. म्हणजे उघडउघड स्वतःचीच. एक लेखक ती गोष्ट निर्मात्याला ऐकवतो आहे आणि निर्मात्याला फक्त गल्ला दिसतो आहे, अशी तिची मांडणी. चित्रपट गल्ल्यावर चालला नाही. तो एकसंध आहे असं मीही म्हणणार नाही. कथानक जागोजागी सुटतं, उपदेश अधूनमधून जड होतो. पण नृत्य कॅमेऱ्यासाठी नव्याने रचावं लागतं, रंगमंचावरचं नृत्य नुसतं चित्रित करून भागत नाही, हे इतक्या स्वच्छपणे तोवर भारतात कुणी ओळखलं नव्हतं.

आता शुद्धतेच्या आक्षेपाविषयी. उदयशंकरांच्या हयातीत आणि नंतरही शास्त्रीय नृत्याच्या जाणकारांनी म्हटलं, की त्यांचं नृत्य कुठल्याच परंपरेत बसत नाही, थोडं इथलं थोडं तिथलं असं ते आहे. आक्षेप वस्तुस्थितीला धरून आहे. पण तो करणाऱ्यांनी दोन गोष्टी विसरू नयेत. ज्या शैलींना आज आपण प्राचीन आणि अखंड मानतो, त्यांची रंगमंचावरची आजची रूपंही त्याच 1930 च्या दशकात बेतली गेली. निवड, काटछाट आणि नवी मांडणी तिथेही झाली. दुसरं, अल्मोड्याला त्यांनी ज्यांना बोलावलं ते त्या त्या परंपरेतले अव्वल गुरू होते. स्वतःला जे मिळालं नाही ते विद्यार्थ्यांना मिळावं, याची तजवीज त्यांनी केली. परंपरेविषयी बेपर्वा असलेला माणूस कंदप्पा पिळ्ळैंना तंजावरच्या परंपरेतून उचलून हिमालयात नेण्याचा खटाटोप कशाला करील?

नंतरची वर्षं मी भरभर ओलांडतो. बुद्धचरित्रावरचं छायानाट्य, 1961 मध्ये रवींद्रनाथांच्या जन्मशताब्दीनिमित्त 'सामान्य क्षति', 1965 मध्ये कोलकात्यात पुन्हा एक केंद्र, आणि 1970 मध्ये 'शंकरस्कोप', ज्यात पडद्यावरची चित्रं आणि रंगमंचावरची माणसं एकमेकांत मिसळत. सत्तरीच्या उंबरठ्यावर, प्रकृती साथ देत नसताना, नवं तंत्र हाताळून बघण्याची त्यांची उमेद गेली नव्हती. 1971 मध्ये पद्मविभूषण मिळालं. 26 सप्टेंबर 1977 रोजी कोलकात्यात त्यांचं निधन झालं. मधल्या काळात घर, संसार, मैत्री यांत बरंच तुटलं होतं; चरित्रात ते आडपडदा न ठेवता आलं आहे आणि तसंच यायला हवं होतं. कोलकात्याचं केंद्र अमला शंकर यांनी पुढे अनेक वर्षं चालवलं. कन्या ममता शंकर यांनी स्वतःची मंडळी उभी केली.

'कल्पना'ची प्रत पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जपून ठेवली होती. तिच्यावरून चित्रपटाचं पुनरुज्जीवन झालं आणि 2012 मध्ये कान महोत्सवात तो दाखवला गेला. नव्वदी ओलांडलेल्या अमलाताई तिथे हजर होत्या. वाचकाने पुस्तकाच्या पहिल्या प्रकरणाला हात घालण्यापूर्वी तो चित्रपट एकदा बघून घ्यावा. यंत्रांचा प्रवेश आला की नायकाला विसरून मागच्या रांगांतल्या नर्तकांच्या पावलांकडे बघावं, आणि मग अल्मोड्याचं प्रकरण आधी वाचलं तरी हरकत नाही.